‘फ्लेडरमाउस’ मराठीत दाखवायचाय? यमकाआधी ‘तू’ की ‘आपण’ ते ठरवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. महाविद्यालयात तुम्ही जर्मन शिकवता. वर्षअखेरीला विद्यार्थी, त्यांचे पालक आणि गावातली हौशी मंडळी अशा दीडेकशे लोकांना योहान श्ट्राउसच्या ‘दी फ्लेडरमाउस’वरचा जर्मन चित्रपट मराठी सबटायटल्ससह दाखवायचा आहे. मुलांनी गाण्यांची भाषांतरं मेहनतीनं यमकात बसवली, कागदावर ती छान वाटली, पण पडद्यावर लावून पाहिली तर कुणी हसेना. मुलांच्या कामाचा नमुनाही तुम्ही सोबत पाठवलाय. तेव्हा चित्रपट कुठला निवडावा आणि गाण्यांचं काय करावं?

जर्मनमधून मराठीत सबटायटल्स करायला लागून मला वीसेक वर्षं झाली. या ऑपेरेटाशी, म्हणजे गाणी आणि संवाद असलेल्या हलक्याफुलक्या संगीत नाटकाशी, माझी दोनदा गाठ पडली, त्यातल्या पहिल्या खेपेला मी सपशेल आपटले. त्यामुळे हे उत्तर जरा लांबणार.

तुम्हाला वाटतंय की अडचण गाण्यांची आहे. माझ्या मते अडचण वेगळीच आहे. या गोष्टीत जवळजवळ प्रत्येक जण दुसऱ्या कुणाचं तरी सोंग घेऊन वावरतो, आणि कुणाला काय ठाऊक आहे याचा हिशोब फक्त प्रेक्षकाच्या डोक्यात पूर्ण असतो. त्या हिशोबावर हसू येतं. सबटायटल वाचताना तो हिशोब चुकला, की यमक कितीही गोड असो, प्रेक्षक नुसता वाचत बसतो. मुलांना गोष्ट पुन्हा एकदा या नजरेनं सांगा.

आयझेनश्टाइनला सरकारी माणसाचा अपमान केल्याबद्दल पाच दिवसांची कैद झालेली असते. वकिलाच्या कर्तबगारीनं तिचे आठ दिवस होतात. त्याच रात्री तुरुंगात हजर व्हायचं, तर मित्र डॉक्टर फाल्क येऊन कानात सांगतो की आधी प्रिन्स ओर्लोफ्स्कीकडच्या मेजवानीला चल, तुरुंग काय पहाटेही सापडेल. फाल्कच्या पोटात जुना राग आहे. एकदा सोंगांच्या नाचाहून परतताना आयझेनश्टाइननं त्याला दारूच्या गुंगीत झाडाखाली झोपवून ठेवलं होतं. दुसऱ्या दिवशी भर उजेडात, वटवाघळाच्या पोशाखात, पोरांच्या हुर्यो ऐकत त्याला घरी यावं लागलं. ‘फ्लेडरमाउस’ म्हणजे वटवाघूळ, नाव त्यावरून आलं. मेजवानीत आयझेनश्टाइन ‘मार्की रनार’ होऊन जातो. त्याच्या घरची मोलकरीण आडेले मालकिणीचा झगा घालून, ‘ओल्गा’ नावाची नटी म्हणून आलेली असते. तुरुंगाधिकारी फ्रांक ‘शेव्हालिए शाग्रां’ बनून येतो. आणि बायको रोझालिंडे मुखवटा चढवून हंगेरियन सरदारीण होऊन येते. त्याआधी तिच्या नवऱ्याला तुरुंगात न्यायला फ्रांक घरी आला, तेव्हा नवरा समजून त्यानं ज्याला नेलं, तो असतो रोझालिंडेचा जुना प्रियकर, गायक आल्फ्रेड.

आता आवृत्तीचं. ते तुमच्या प्रेक्षकांवर अवलंबून आहे, म्हणून एकच नाव सांगून मोकळी होत नाही. गेझा फॉन बोल्व्हारीचा रंगीत चित्रपट आहे. महायुद्धाच्या अखेरीस प्रागमध्ये तो आग्फाकलर या रंगीत फिल्मवर चित्रित झाला आणि युद्ध संपल्यावर, १९४६ साली, बर्लिनमध्ये लागला. योहानेस हेस्टर्स आणि मार्ते हारेल त्यात आहेत. जर्मन इतिहास शिकणाऱ्या मुलांना तो जरूर दाखवा, बाहेर युद्ध चालू असताना आत शॅम्पेनची गाणी चित्रित होत होती हे समजून. पण पहिल्यांदाच ‘फ्लेडरमाउस’ बघणाऱ्यांसाठी तो नको. १९६२ चा ऑस्ट्रियन चित्रपट पीटर आलेक्झांडरचा. हलकाफुलका, पळता, आणि तुरुंगातला दारुडा नोकर फ्रॉश त्यात ऐंशी ओलांडलेला हान्स मोझर आहे. तुमच्याकडे फक्त करमणूक म्हणून येणारे लोक जास्त असतील तर हाही चालेल.

मी स्वतः १९७२ चा घेईन. दिग्दर्शक ओटो शेंक, संगीत संचालन कार्ल ब्योम, वाद्यवृंद व्हिएन्ना फिलहार्मोनिक. रोझालिंडे गुंडुला यानोवित्झ, आयझेनश्टाइन एबरहार्ड व्हेख्टर, आडेले रेनाटे होल्म. शेंक स्वतः फ्रॉश झालाय. माझं कारण साधं आहे: यात गाणी कापून कथानकाला जोडलेली नाहीत, गाण्यांतूनच कथानक पुढे सरकतं. तुमच्या मुलांना शिकायचंय ते हेच. शिवाय गाणाऱ्यांचे चेहरे जवळून दिसतात, आणि सबटायटल करणाऱ्याला चेहऱ्याइतकी मदत दुसरं कुणी करत नाही. जाता जाता एक गंमत. प्रिन्स ओर्लोफ्स्कीची भूमिका रंगभूमीवर बहुधा बाई करते. बालगंधर्व पाहिलेल्या आपल्या पणजोबांना यात काही वावगं वाटलं नसतं, फक्त दिशा उलटी. या चित्रपटात मात्र ती वोल्फगांग व्हिंडगासेन या वाग्नरच्या ऑपेरा गाणाऱ्या टेनरला, म्हणजे उंच पट्टीच्या पुरुष गायकाला, दिली आहे. मुलांना आधी सांगून ठेवा, नाहीतर पुस्तकात वाचलेलं आणि पडद्यावर दिसणारं जुळत नाही म्हणून तुम्हालाच विचारतील.

आता मूळ मुद्दा.

जर्मनमध्ये समोरच्याला हाक मारायच्या दोन पायऱ्या आहेत, ‘डू’ आणि ‘झी’. आपल्याकडे तीन: तू, तुम्ही, आपण. इंग्रजी सबटायटल करणाऱ्याला एकच सपाट फरशी मिळते, त्यामुळे या चित्रपटाची इंग्रजी फाइल समोर ठेवून मराठी करू नका. मुलांनी तसंच केलं असणार असा मला दाट संशय आहे. आपल्याला जर्मनपेक्षाही एक पायरी जास्त मिळालीय, आणि ती कुठे खर्च करायची हे सगळ्यात आधी ठरवायचं. मी काम सुरू करताना एका कागदावर पात्रांची नावं आडवी-उभी लिहिते आणि प्रत्येक चौकटीत कोण कुणाला काय म्हणतं ते भरते. प्रत्येक अंकासाठी वेगळा कागद. ‘फ्लेडरमाउस’चे तीन कागद शेजारी ठेवले की सगळी गंमत त्यातच दिसते.

पहिला अंक घरातला. नवरा-बायको एकमेकांना ‘डू’ म्हणतात. १८७४ चं नाटक म्हणून बायकोच्या तोंडी ‘अहो’ घालावं असं तुमच्यातल्या कुणाला तरी वाटेल, मलाही वाटलं होतं. घालू नका. ‘अहो’ आलं की रोझालिंडे आपल्या आजीसारखी दिसायला लागते, आणि पुढे ती नवऱ्याची जी फिरकी घेते ती पटत नाही. दोघांचं ‘तू’ ठेवा. आडेले मालकांना ‘तुम्ही’, मालक तिला ‘तू’.

दुसरा अंक मेजवानीचा. इथे आपली शिल्लक पायरी खर्च करा: सगळ्यांच्या तोंडी ‘आपण’. खोट्या सरदारांची, खोट्या नट्यांची, खोट्या फ्रेंचांची सभा आहे ती. आदल्या अंकात ज्या आडेलेला आयझेनश्टाइन ‘तू’ म्हणून हुकूम सोडत होता, तिला इथे ‘आपण’ म्हणायची पाळी त्याच्यावर येते. प्रेक्षकाला काही समजावून सांगावं लागत नाही, सर्वनाम बदललं की तो हसतो. आडेलेचं ते प्रसिद्ध हसण्याचं गाणं इथलंच. ‘आपण तर अगदी आमच्या मोलकरणीसारख्या दिसता’ असं आयझेनश्टाइन म्हणून बसतो, आणि ती भर सभेत त्याची खिल्ली उडवते: मार्की महाशय, आपल्यासारख्या माणसाला एवढंही कळू नये? हा हात पाहा, हे पाऊल पाहा, ही कंबर पाहा, असलं कुठे मोलकरणीला असतं का? आणि ती असते मोलकरीणच. तुमच्या मुलांनी या गाण्यात ‘नाजूक’ला ‘साजूक’ आणि ‘पाय’ला ‘काय’ जुळवलंय. साजूक तूप असतं हो, हात नव्हे! त्यापेक्षा ‘आपल्यासारख्या माणसाला’ एवढे शब्द जागेवर ठेवा, बाकी साध्या गद्यात सांगा. हसण्याच्या तानांना सबटायटल लावू नका. पडदा खाली रिकामा राहू द्या, लोकांना रेनाटे होल्मच्या चेहऱ्याकडे बघू द्या.

‘मोलकरीण’ हा शब्द मी विचार करून ठेवला आहे. मूळ शब्द ‘त्सोफे’, म्हणजे मालकिणीची खास तैनातीतली. ‘दासी’ म्हटलं की महाभारत सुरू होतं, ‘कामवाली’ म्हटलं की पुण्यातली सोसायटी दिसते.

आता माझ्या फजितीची गोष्ट. दुसऱ्या अंकाच्या शेवटी, सगळ्यांना चांगली चढलेली असताना, फाल्क प्याला उंचावतो आणि म्हणतो की आपण सगळे भाऊ-बहिणी होऊ या. ‘ब्रूडरलाइन उंड श्वेस्टरलाइन’. अख्ख्या ऑपेरेटात याहून सुंदर जागा नाही. वॉल्ट्झ संथ होतो, आवाज एकमेकांत विरघळत जातात, आणि सभा म्हणते: आधी एक चुंबन, मग ‘डू’, ‘डू, डू, डू’, कायमचं. जर्मन लोकांत दोघांनी हातात हात अडकवून एकत्र प्यायचं, मग गालाला गाल लावायचा आणि त्या क्षणापासून ‘झी’ सोडून ‘डू’ म्हणायचं, असा रिवाज आहे. गाण्यातली ही भावंडं त्या रिवाजातली.

मी तरुण होते, शब्दाला शब्द ठेवायचा असा हट्ट होता. सबटायटल लिहिलं: ‘भाऊ होऊ, बहीण होऊ, सारे आपण भावंडं’. त्याच्या पुढच्याच तुकड्यात: ‘आधी एक मुका’. छोटंसं सभागृह होतं, शंभरेक माणसं. पहिल्या ओळीला मागच्या रांगेतून कुणीतरी ‘बंधू आणि भगिनींनो’ म्हणालं. दुसरी ओळ आली आणि सभागृह फुटलं. सगळ्यात हळव्या जागेला लोक पोट धरून हसत होते. पडद्यावर तेव्हा सगळे डोळे मिटून गात होते. मी अंधारात भिंतीला टेकून उभी होते. तिथून निसटायला दार कुठल्या बाजूला आहे, तेवढंच मी शोधत होते.

चूक उघड आहे. आपल्याकडे एखाद्या मुलीनं ‘तू मला भावासारखा’ म्हटलं की विषय संपला. राखी बांधून मोकळी होते ती. जर्मन गाण्यात भावंडांचा उल्लेख जवळीक वाढवायला येतो, मराठीत तोच शब्द जवळीक तोडतो. शब्द बरोबर होता आणि वाक्य खोटं होतं.

दुसऱ्या खेपेला मी भावंडं काढूनच टाकली. गाण्याचा जीव ‘डू’मध्ये आहे, आणि मराठीत तो जसाच्या तसा उचलता येतो. मी असं केलं: ‘पुरे झालं हे आपण-आपण’. मग, ‘एकमेकांना आता तू म्हणू या’. ‘आधी ओठांना ओठ, मग तू’. ‘तू... तू... तू...’ आणि तिथे थांबले. पुढची आवर्तनं सबटायटलशिवाय सोडली. गेला पाऊण तास सगळे ‘आपण’, ‘आपण’ करत होते म्हणूनच हा ‘तू’ चढतो. आणि त्यात आणखी एक कळ आहे. आयझेनश्टाइन ज्या मुखवट्यातल्या हंगेरियन सरदारणीला एवढा आटापिटा करून ‘तू’ म्हणण्यापर्यंत पोचलाय, तिला तो रोज सकाळी घरी ‘तू’च म्हणतो. हे मी कुठल्याही सबटायटलमध्ये लिहिलेलं नाही. त्या खेपेला गाणं चालू असताना सभागृह गप्प होतं, आणि संपता संपता पुढच्या रांगेत एक बाई खुदकन हसल्या. त्यांना लागलं होतं.

तिसऱ्या अंकात तुरुंगात सोंगं उतरतात, तिथेही कागद हाताशी ठेवा. आयझेनश्टाइन वकिलाचा टोप आणि चष्मा चढवून बायकोचा आणि आल्फ्रेडचा जबाब घेतो. वकील म्हणून तो ‘तुम्ही’ म्हणतो, आणि ‘होय, मीच तो, ज्याला तुम्ही फसवलंत’ म्हणत टोप फेकला की बायकोला ‘तू’. तिनंही मग ते खिशातलं घड्याळ काढायचं. मेजवानीत त्यानं सरदारणीच्या हृदयाचे ठोके मोजायला पुढे केलेलं ते ठोके देणारं घड्याळ, जे तिनं हातोहात लांबवलं होतं. त्या क्षणी सबटायटल नकोच.

हिशोबाचं दुसरं उदाहरण पहिल्या अंकातल्या तिघांच्या गाण्याचं. नवरा तुरुंगात निघालाय, बायको रडतेय, मोलकरीण मुसमुसतेय. आठ दिवस तुझ्यावाचून कसे काढू, सकाळी कॉफी पिताना तुझा रिकामा कप दिसेल, असे शब्द आहेत. प्रत्यक्षात नवरा मेजवानीला चाललाय, बायकोकडे आल्फ्रेड यायचाय, आणि मोलकरणीला रात्रीची सुट्टी मिळालीय. रडगाण्याच्या मधोमध वाद्यवृंद एकदम पोल्का धरतो आणि तिघांचे पाय आपोआप नाचायला लागतात, तोंडानं ‘अरेरे, अरेरे’ चालू असतं. तुमच्या मुलांनी इथे ‘मनात मात्र आनंद झाला’ अशी ओळ आपल्या पदरची घातलीय. ती काढा. शब्द जितके दुःखी ठेवाल तितकं चांगलं. ‘तुझा रिकामा कप बघवणार नाही रे मला’, असं अगदी गळा काढून लिहा. खरं काय ते श्ट्राउसचा पोल्का सांगतो, आपण मध्ये पडायचं नाही.

आता ‘ग्ल्यूक्लिश इस्ट, व्हेर फेरगिस्ट’. जे बदलता येत नाही ते जो विसरतो तो सुखी. मुलांनी तिथे ‘ठेविले अनंते तैसेचि राहावे’ लावलंय. वाचून मला हसू आलं, आणि कल्पना सुचणाऱ्याचं कौतुकही वाटलं. पण चालणार नाही. तुकोबा देवावर भार टाकून समाधान राखायला सांगतात. इथे एक गवई दुसऱ्याच्या बायकोला, दुसऱ्याच्याच घरी, त्याच दुसऱ्याचा घरगुती झगा अंगावर घालून, ‘पी गं, पी, नवऱ्याचं काय घेऊन बसलीस’ म्हणतोय! अभंगाची ओळ आली की ती बाई भाविक होते. मी लिहिलं: ‘बदलणार नाही ते विसरावं, बस’. पाच शब्द, डोळ्यांचा भार कमी. पण या ओळीला एक दुसरी बाजूही आहे, ती चित्रपटाआधी दोन मिनिटं बोलून सांगा. ‘फ्लेडरमाउस’चा पहिला प्रयोग ५ एप्रिल १८७४ ला थिएटर आन देअर व्हीन या नाट्यगृहात झाला. त्याच्या आदल्या मे महिन्यात व्हिएन्नाचा शेअरबाजार कोसळला होता. समोर बसलेल्यांत पैसे बुडालेले कितीतरी असणार. त्यांनी ही ओळ कशी ऐकली असेल याचा मुलांना विचार करू द्या.

‘मूळापासून एवढं दूर जायचं का?’ असं तुमचा एखादा काटेकोर विद्यार्थी विचारेल, आणि विचारायलाच हवं. त्याला या संहितेची कुळकथा सांगा. रोडेरिख बेनेडिक्सचं ‘तुरुंग’ हे जर्मन नाटक १८५१ चं. ते पॅरिसला जाऊन १८७२ मध्ये मेलाक आणि हालेव्ही या जोडीच्या हातून फ्रेंच झालं. त्या फ्रेंच नाटकात ख्रिसमसच्या आदल्या रात्रीची जेवणावळ होती. हाफनर आणि रिशार्ड झने यांनी ते व्हिएन्नासाठी घेतलं तेव्हा जेवणावळ गेली आणि नाचाची मेजवानी आली, कारण पॅरिसचा तो रिवाज व्हिएन्नाकरांच्या सवयीचा नव्हता. म्हणजे ज्या ‘मूळा’ला धरून राहायचं म्हणतोय ते स्वतःच असं बदलत आलेलं आहे. आपलं ‘संशयकल्लोळ’सुद्धा इंग्रजीतून देवलांकडे आलं आणि तिथे फाल्गुनराव होऊन राहिलं. अर्थात देवल नाटक नव्यानं लिहीत होते. आपण खालच्या दोन ओळी लिहितोय, वर जर्मन ऐकू येतंय, त्यामुळे आपली मोकळीक कमी. आयझेनश्टाइनचा आण्णासाहेब करता येणार नाही. भावंडं काढता येतात, कारण तिथे जीव ‘डू’चा आहे. प्रत्येक ठिकाणी एवढंच विचारायचं, इथे जीव कशात आहे?

नात्यांच्या शब्दांचीही एक खोच आहे. आडेले रजा मिळावी म्हणून आजारी ‘टांटे’चा बहाणा करते. जर्मनमध्ये मावशी, आत्या, काकू, मामी सगळ्यांना एकच शब्द. मी मावशी केली. खोटं बोलून रजा काढायची तर मावशीच आजारी पडते, असा माझा अनुभव आहे! बहीण ईडा थोरली की धाकटी ते शब्दावरून कळत नाही, पण आडेलेला आत शिरायचा रस्ता तीच दाखवते, म्हणून माझ्याकडे ती ‘ताई’ झाली. एकदा ठरवलं की चित्रपटभर तेच ठेवा. दोन मुलं दोन अंक करत असतील तर मावशीची मध्येच आत्या होते, ते शेवटच्या वाचनात तपासा.

ओर्लोफ्स्कीच्या गाण्यातलं फ्रेंच ध्रुवपद, ज्याची त्याची आवड अशा अर्थाचं, पहिल्यांदा मराठीत द्या आणि नंतर सोडून द्या. रनार म्हणजे कोल्हा आणि शाग्रां म्हणजे दुःख. हे दोघे खोटे फ्रेंच मोडकं-तोडकं फ्रेंच फेकतात तेव्हा त्यांचं फ्रेंच देवनागरीत तसंच लिहा. प्रेक्षकाला ते कळू नये, कारण त्या दोघांनाही कळत नसतं. रोझालिंडेच्या चार्दाशमध्ये, म्हणजे हंगेरियन नाचाच्या चालीवरच्या गाण्यात, मायभूमीच्या आठवणी आहेत, तिथे सुरुवातीला दोनतीन तुकडे पुरेत. तिच्या बोलण्यातला परका हेल मराठीत आणायला म्हणून तिला कुठल्या प्रांताची मराठी देऊ नका. हेच फ्रॉशचं. तो व्हिएन्नाच्या बोलीत बरळतो म्हणून त्याला वऱ्हाडी किंवा मालवणी देण्याचा मोह होईल. दारुडा विनोदी नोकर दिसला की बोलीभाषा काढायची ही आपल्याकडची जुनी खोड आहे, आणि त्या बोलीत घरी बोलणारी माणसं तुमच्या सभागृहात बसलेली असणार. मी त्याला साधी मराठी दिली, फक्त वाक्यं अर्धवट तोडली. त्याचे शाब्दिक विनोद सगळे उतरवता येत नाहीत. तीनातला एक धरा, दोन सोडा, शेंकची चाल आणि डोळे बाकीचं निभावतात. त्याच्या आधी फ्रांक झिंगलेल्या अवस्थेत एकटाच कचेरीत येतो आणि वाद्यवृंद रात्रीच्या धुना तुकड्यातुकड्यांनी आठवत राहतो, तिथे तर मुळात बोलणं नसल्यातच जमा आहे. मुलं तिथे कंसात ‘संगीत’ असं लिहितात, तेही नको.

आता तांत्रिक बाबी भरभर. दोन ओळींपेक्षा जास्त कधीच नाही. सॉफ्टवेअरच्या अक्षरमोजणीवर विसंबू नका, ते काने, मात्रा आणि हलन्त वेगळे मोजतं. ‘स्त्रियांच्या’ या शब्दात डोळ्याला तीन अक्षरं दिसतात, संगणकाला तेरा. त्यामुळे लाल इशारा आला म्हणून चांगली ओळ तोडू नका, मोठ्यानं एकदा वाचून बघा. शांतपणे वाचून संपली पाहिजे आणि वर नजर टाकायला वेळ उरला पाहिजे. गाण्यासाठी तिरका ठसा वापरायची पद्धत इंग्रजीतली, देवनागरी तिरकी केली की जोडाक्षरं चिकटतात. दोन-तीन जण एकत्र वेगवेगळं गात असतील तर गोष्ट ज्याच्यामुळे पुढे सरकते त्याचंच लिहा. आणि विनोदाचं सबटायटल गाणाऱ्याच्या तोंडून शब्द पडण्याआधी येऊ देऊ नका. अर्धा सेकंद लवकर आलं तरी लोक आधी हसतात आणि गाणारा नंतर विनोद करतो, तुमच्या सभागृहात बहुधा हेच झालंय. मुलांनी पाठवलेल्या नमुन्यात बऱ्याच ओळी वाक्याच्या आधी उगवतात.

परवानगीचंही बघा. श्ट्राउस, हाफनर, झने यांना जाऊन शंभराहून जास्त वर्षं झाली, संगीत आणि संहिता मोकळी आहे. चित्रपट मोकळा नाही. डीव्हीडी विकत घेतली म्हणजे सभागृहात दाखवायचा हक्क मिळत नाही, तो वेगळा मागावा लागतो आणि उत्तराला वेळ लागतो. वर्षअखेरीचा बेत असेल तर पत्र आजच पाठवा.

एवढं सगळं एकदम जमणार नाही, तर आधी दुसऱ्या अंकाचा शेवट घ्या. ‘ब्रूडरलाइन’पासून ते घड्याळात सहाचे ठोके पडून आयझेनश्टाइन आणि फ्रांक, म्हणजे कैदी आणि तुरुंगाधिकारी, एकमेकांना ‘तू’ म्हणत, टोप्या शोधत, एकाच तुरुंगाकडे पळतात तिथपर्यंत. नव्यानं करा आणि जर्मनचा गंध नसलेल्या दोन माणसांना दाखवा. महाविद्यालयाच्या कचेरीतलं कुणी किंवा एखाद्या मुलाची आई. त्यांना नंतर काही विचारू नका, बघत असताना त्यांच्या तोंडाकडे बघा. सहाच्या ठोक्यांना ती हसली तर तुमचा कागद बरोबर भरलाय. नाही हसली तर ती फाइल मला पाठवा, आपण चौकटी पुन्हा तपासू.